आठवा सुरुंग

माझ्या वडिलांचं म्हणणं असं होतं की हे विश्व कोणी घडवलेलं नाही. ते जागं आहे, त्याला स्वतःची जाण आहे आणि ते क्षणोक्षणी स्वतःच स्वतःला जन्म देत असतं. दगडालासुद्धा जाण आहे, फक्त तो गाढ झोपेत आहे. हे सगळं निळ्या पुठ्ठ्याच्या एका जाड वहीत लिहिलेलं होतं आणि अक्षर माझं होतं. त्या वहीत मी लिहिलेल्या एका आकड्यापायी एक माणूस गेला. हे आधीच सांगून टाकते. म्हातारपणी माणसं गोष्ट रंगवत नेतात आणि शेवटी ऐकणाऱ्याला चाट पाडतात, तसलं काही मला करायचं नाही. गावाचं नाव मात्र लिहीत नाही. पाथर्डीच्याही पलीकडे, एसटी जिथून परत फिरायची ते गाव, एवढं पुरे. त्या माणसाची मुलं-नातवंडं अजून तिथे आहेत.

आम्ही शाळेच्या मागच्या दोन खोल्यांत राहत होतो. वर पत्रे, खाली शेणाने सारवलेली जमीन, आणि मागच्या बाजूला आईने तीनदा लावून तीनदा वाळून गेलेली तुळस. वडिलांना आम्ही अण्णा म्हणायचो, गाव त्यांना गुरुजी म्हणायचं. मूळचे ते भिंगारचे. आजोबा लष्करी कोठारात कारकून होते. पलटणीतल्या साहेबांनी टाकून दिलेली इंग्रजी पुस्तकं बाजारात रद्दीच्या भावाने मिळायची, ती आणून अण्णांनी लहानपणी वाचली. निम्मी कळली आणि निम्मी त्यांनी मनाने पुरी केली. आई राहात्याकडची, पाटाच्या पाण्यावर वाढलेली, पेरूच्या बागेत खेळलेली. लग्न होऊन या माळावर आली तेव्हापासून तिने नशिबाला जी नावं ठेवायला सुरुवात केली ती शेवटपर्यंत थांबवली नाही. मला तिचा राग यायचा. आज वाटतं, त्या घरात जमिनीवर पाय असलेली तीच एकटी होती.

मी सातवी पास झाले होते. पुढची शाळा पाथर्डीला होती आणि पोरीला रोज इतक्या लांब कोण धाडणार, म्हणून मी घरीच बसले होते. अण्णांच्या उजव्या हाताला कंप होता. फळ्यावर मोठी अक्षरं कशीबशी निघत, वहीत मात्र लेखणी ठरायची नाही. म्हणून संध्याकाळी शाळा सुटली की मी उंबऱ्यात बसायची आणि ते अंगणात येरझाऱ्या घालत सांगायचे. मी लिहायची. वहीच्या पहिल्या पानावर ‘स्वयंजात’ असं नाव होतं. खाली त्यांचं नाव, आणि त्याच्याखाली बारीक अक्षरात ‘लेखनिक : कु. शालिनी’. ते नाव मी दिवसातून दहादा उघडून बघायची. त्यांची वाक्यं मला अजून पाठ आहेत. ‘बी मातीला फोडून वर येतं असं आपण म्हणतो. खरं तर मातीच बी होऊन वर येते.’ ‘विश्व स्वतःला पाहू इच्छितं, म्हणून डोळे होतात.’ आमच्या गावामागून गर्भगिरीची रांग जाते. जुन्या लोकांनी त्या डोंगराला हे नाव उगीच ठेवलं नाही, असं ते म्हणत. डोंगराच्या पोटात विश्व अजून बाळंत होतंय. मी हे सगळं खरं मानायची. झोपलेल्या दगडांना जाग येऊ नये म्हणून माळावरून चालताना पाऊल हळू टाकायची. कोणी हसलं तर भांडायची.

आई हसायची. चुलीपुढे बसून, आमच्याकडे पाठ करून म्हणायची, “विश्व आपलं आपण जन्माला येतं ना, येऊ द्या बापडं. आपला हंडा तेवढा आपोआप भरत नाही, त्याचं काय ते लिही गं पोरी.” अण्णा रागवायचे नाहीत. ते म्हणायचे, “हंडासुद्धा भरेल. मागणाऱ्याला मागता आलं पाहिजे.” आणि आई म्हणायची, “मागून मागून टँकर येतो तो चौथ्या दिवशी, अन् त्यात निम्मा गाळ.”

तो मोठ्या दुष्काळाचा काळ होता. ज्यांनी तो पाहिला त्यांना सांगायला नको आणि ज्यांनी नाही पाहिला त्यांना सांगून कळायचा नाही. रेशनवर परदेशातली तांबडी मायलो ज्वारी मिळायची. तिची भाकरी तव्यावरच भेगाळायची, आणि खाल्ली की पोटात धोंडा ठेवल्यासारखं व्हायचं. आई पिठात गरम पाणी घालून, मळून मळून हैराण व्हायची, तरी ती भाकरी परातीतून उचलताना हातात दोन तुकडे यायचे. शाळेत मुलांना सुकडी, म्हणजे दुष्काळी मदतीचा कोरडा खाऊ, मिळे. अण्णा आपल्या वाटची ओंजळ कधी घरी आणत नसत, आणि त्यावरूनही आईचं बोलणं व्हायचंच. दुपारी गावात माणसाचा आवाज नसायचा. धट्टीकट्टी माणसं रस्त्याच्या कामावर खडी फोडायला गेलेली, गुरं बाजारात गेलेली. वाऱ्याने पत्रा वाजायचा तेवढाच. मला आजही पत्र्याच्या शेडखाली बसवत नाही. मुलगा म्हणतो, आईचं काहीतरी असतंच. असतं खरं.

गावाची विहीर आटली तेव्हा नवी कुठे खणायची यावर देवळापुढे बैठक बसली. आदल्या वर्षी एक पाणाड्या आला होता. तळहातावर नारळ आडवा ठेवून सगळा शिवार फिरला आणि ओढ्याकाठी नारळ उभा राहिला म्हणून तिथे खणायला सांगून गेला. सहा परस, म्हणजे सहा पुरुष उंचीएवढं खोल गेले, पण पाण्याचा थेंब नाही. त्यामुळे आता त्याचं नाव कोणी काढत नव्हतं. अण्णा उठले आणि म्हणाले, मला तीन दिवस द्या. तीन दिवस सकाळी ते अनवाणी माळावर जाऊन बसले, डोळे मिटून, दोन्ही तळवे जमिनीला टेकवून. मी वही घेऊन शेजारी. तिसऱ्या दिवशी डोंगराच्या पायथ्याशी एका जागी ते उठले आणि म्हणाले, “इथे तिला जाग आहे.” तिला म्हणजे जमिनीला. गावाने ऐकलं. गुरुजी शिकलेला माणूस, कोणाच्या अध्यात ना मध्यात, दक्षिणा मागत नाही, मग ऐकायला काय हरकत, असा तो हिशेब होता. आईने मात्र त्या दिवशी जेवताना ताट वाढून बाजूला बसकण मारली आणि म्हणाली, “पाणी नाही लागलं तर या गावात तोंड दाखवायला जागा नाही. एवढं कळतं का तुमच्या विश्वाला?”

त्या दिवसापासून अण्णा विहिरीला बांधले गेले. त्यांचं सगळं म्हणणं त्या एका खड्ड्यात उतरलं होतं. पाणी लागलं तर वही खरी आणि नाही लागलं तर वीस वर्षांचं आयुष्य वाया. हे ते तोंडाने म्हणाले नाहीत, तरी मला आणि आईला दिसत होतं. शाळा सुटली की ते थेट विहिरीवर, आणि मीही त्यांच्यामागे. विहीर खणणाऱ्या टोळीत नऊ जण होते. पहिलं मुरमाचं काम लवकर झालं, मग काळा पाषाण लागला. एकाने पहार धरायची, दुसऱ्याने घण घालायचा, अशी दिवसभर भोकं पाडायची. संध्याकाळी त्यात सुरुंगाच्या दारूचे टोटे भरून वाती लावायच्या. एक जण वाती पेटवून यारीच्या, म्हणजे दगड वर ओढायच्या रहाटाच्या, दोराने वर यायचा आणि सगळे लांब बांधाच्या आड पळायचे. मग सगळे मिळून बार मोजायचे. जेवढे भरले तेवढे उडाले तर धूर ओसरल्यावर एक जण खाली उतरून बघायचा. एक जरी कमी वाजला तर त्या दिवशी विहिरीत कोणी पाय घालायचा नाही, दुसऱ्या दिवशी उन्हं वर आल्यावरच. न उडालेल्या सुरुंगाला ती माणसं ‘मुका’ म्हणत. मोजायचं काम मुकादमाचं असे. त्या कामात त्याला कोणी हाक मारलेलीही चालत नसे.

वाती पेटवायचं काम अर्जुनाचं. अर्जुन अण्णांचा जुना विद्यार्थी, चौथीत शाळा सोडलेला, अंगाने किडकिडीत आणि दोरावर माकडासारखा. मला तो ‘लेखनिकबाई’ म्हणायचा. “लेखनिकबाई, आमचं बी नाव घ्या पुस्तकात. म्हनावं, दगुड झोपल्याला हुता, अर्जुनानं कानाशी फटाका लावून उठवला.” अण्णासुद्धा हसायचे. अर्जुनाला अण्णांचं म्हणणं किती कळायचं कोण जाणे, पण वहीवर त्याची श्रद्धा होती. लिहिलेलं आहे म्हणजे ते तसंच असणार, असं त्याला वाटायचं. त्याची बायको हिराबाई रोज दुपारी भाकरी घेऊन यायची. काळीसावळी, ठसठशीत, पदर घट्ट खोचलेली. आली की त्याच्याशी चार शब्द बोलायची आणि लगेच परत जायची. त्यांची वस्ती विहिरीपासून दोन शेतं पलीकडे होती.

सात परस गेल्यावरही पाणी नव्हतं. मुकादम म्हणाला, आठवडाभर बघतो, नाहीतर टोळी उठवतो, दुसरीकडे कामं पडली आहेत. अण्णांचं जेवण तुटलं. वहीत एकच वाक्य ते मला तीन-तीनदा लिहायला लावायचे. आणि मग एका सकाळी पहारेने निघालेली भुकटी ओलसर निघाली. अर्जुनाने ती मुठीत वर आणली आणि अण्णांच्या तळहातावर ठेवली. अण्णांचा हात इतका कापत होता की निम्मी सांडली. ती त्यांनी खाली वाकून गोळा केली. त्या दिवशी शाळेला त्यांनी दुपारीच सुट्टी दिली.

मुकादम आणखी टोटे आणायला पाथर्डीला गेला होता आणि दुपारच्या गाडीने काही आला नाही. त्याच्यासाठी थांबावं असं एक-दोघं म्हणाले, पण ओल बघून कोणालाच धीर धरवत नव्हता. होते त्या टोट्यांनी सात भोकं भरली. अण्णा म्हणाले, “मोजायला मी आहे ना.” गुरुजी मोजणार म्हटल्यावर कोणी काय बोलणार. अर्जुन वाती पेटवून वर आला, “बार हाय, बार हाय” ओरडत पळाला, आणि आम्ही सगळे बांधाआड बसलो. माझ्या मांडीवर वही होती, कारण हा क्षण लिहून ठेवायचा असं अण्णांनी सकाळीच ठरवलं होतं. बार सुरू झाले. मी मनात मोजत होते. एक, दोन, मग तीन आणि चार जवळजवळ लागून, पाच, आणि जरा थांबून सहा. सहावा मोठा होता. तो डोंगरावर जाऊन आदळला आणि घुमत परत आला. अण्णांनी डोळे मिटले होते. त्यांचा चेहरा मी असा कधीच पाहिला नव्हता, देवळात आरतीच्या वेळी बायकांचा होतो तसा झाला होता. ते म्हणाले, “सात. लिही, सातही झाले.”

मी म्हटलं, “अण्णा, सहा.” ते म्हणाले, “सहावा आणि सातवा एकावर एक झाले. शेवटचा ऐकला नाहीस?” मी ऐकला होता. तो डोंगराचा होता. पण मी तेरा वर्षांची होते, आणि माझ्या वडिलांना दगडाच्या झोपेतला श्वास ऐकू येत होता, मग माझ्या कानांचा काय पाड. मी ‘सात’ लिहिलं. अक्षरी लिहिलं आणि पुढे आकडाही टाकला.

धूर ओसरला तसा अर्जुन उठला. कमरेला दोर बांधता बांधता म्हणाला, “गुरुजी, मला सहाच वाटले बघा.” बाकीचे म्हणाले, पळापळीत आम्हाला नीट कळलं नाही. अण्णा म्हणाले, “लिहिलंय तिने. दाखव गं.” मी वही उघडून त्याच्यापुढे धरली. अर्जुनाने त्या आकड्यावर बोट ठेवलं, जसं तो चौथीच्या पुस्तकात ठेवत असेल, आणि म्हणाला, “मंग ठीक हाय. लिव्हलंय म्हंजे सातच.” आणि दोराने खाली उतरला. खालून त्याचा आवाज आला, “वल लई हाय, गुरुजी,” आणि मग पहार दगडावर पडल्याचा आवाज. दोनदा पडली. तिसऱ्यांदा पडली तेव्हा तो बार झाला.

त्याला वर कसं काढलं ते मी पाहिलं. ते लिहिणार नाही.

पंचनामा झाला. अण्णांनी सांगितलं, सात भरले, सात मोजले, नोंद आहे. वही दाखवली गेली. माझ्या अक्षराचं एका साहेबाने कौतुकही केलं. आणि तिसऱ्या दिवशी, विहिरीकडे कोणी फिरकत नव्हतं तेव्हा, एका म्हाताऱ्याने सहज वाकून पाहिलं तर तळाशी पाणी होतं. गुडघाभर, स्वच्छ. त्या बाराने कपार फोडली होती आणि झरा मोकळा झाला होता. दोन दिवस कोणी प्यायलं नाही. मग एकीने हंडा भरला, मग दुसरीने. माणसाला पाणी लागतंच, त्यात मी कोणाला दोष देत नाही. आमच्याही घरी त्याच पाण्याचा हंडा आला. आईने तो ओतून दिला आणि दिवसभर कोरडी राहिली. दुसऱ्या दिवशी तिनेही भरला.

मग गावात आठव्या सुरुंगाची गोष्ट सुरू झाली. ती कोणी काढली ते मला नक्की सांगता येणार नाही, पण तिला शब्द अण्णांचे होते. भरले सात आणि उडाले सात, गुरुजींच्या वहीत तसं आहे. मग हा आठवा कुठून आला? अण्णा म्हणायचे, तो कोणी भरला नव्हता. विश्व आपलं आपण निर्माण करतं, ते आपण वर्षानुवर्षं सांगत होतो, हे त्याचंच प्रमाण. जमीन पाणी द्यायला तयार होती, शेवटचा बार तिने स्वतः दिला. अर्जुन मध्ये आला. हे ते शांतपणे, जवळजवळ मायेने सांगायचे. मला वाटतं, त्यांचा त्यावर विश्वास बसला होता. नसता बसला तर ते जगले नसते. लोक ऐकायचे, मान हलवायचे. कोणीतरी विहिरीच्या काठावर शेंदूर लावलेला दगड ठेवला आणि बायका हंडा भरायच्या आधी त्याला हात लावू लागल्या. गावालाही ते सोयीचं होतं. देवाच्या सुरुंगाने गेलेल्या माणसाबद्दल कोणाला काही वाटून घ्यावं लागत नाही. संध्याकाळी अण्णा मला म्हणाले, नवं प्रकरण घेऊ. ‘आठवा’ असं मथळ्यात लिही. मी लिहिलं. त्यांचं एक वाक्य माझ्याकडून लिहून झालं, ‘निर्मितीला कर्ता लागत नाही,’ आणि पुढच्या वाक्याला माझा हात थांबला. आई चुलीपुढून बघत होती. ती पहिल्यांदाच काही टोचून बोलली नाही.

अण्णा त्यानंतर बरीच वर्षं जगले. पुढे त्यांची बदली राहात्याला झाली, आईला हवं ते पाणी मिळालं, माझं शिक्षण झालं, लग्न झालं. ‘स्वयंजात’बद्दल त्यांनी मरेपर्यंत तोंडातून अक्षर काढलं नाही, आणि ते का, हे मी कोणाला सांगितलं नाही. ते आता सांगते.

अर्जुनाचं तेरावं होऊन चार-पाच दिवस झाले असतील. शनिवारची सकाळची शाळा सुटली होती. अण्णा खाटेवर बसले होते, मी खाली गहू निवडत होते, गहू म्हणजे रेशनचे, निम्मे खडे. दारात हिराबाई आली. कपाळ मोकळं, अंगावर पांढरट लुगडं. आईने “ये गं, आत ये” म्हटलं, पण ती उंबऱ्याच्या बाहेरच बसली. पाणी दिलं ते तिने हातात धरलं, प्यायली नाही. मग ती अण्णांकडे न बघता म्हणाली,

“गुरुजी, एक इचारायचं हुतं. मला लिव्हता वाचता येत न्हाई म्हनून तुमच्याकडं आले.”

“विचार ना,” अण्णा म्हणाले.

“समदी म्हंत्यात आठवा बार आला. देवानं दिला म्हंत्यात. मी घरी हुते. रोज भाकरी घिऊन गेले की मी त्यास्नी इचारायची, आज किती हायेत. त्ये सांगायचे. मंग सांजच्याला घरी बसून मी मोजायची. त्या दिशी सात म्हनले हुते. मी सातच मोजले, गुरुजी. सहा झाले, मंग लई येळानं सातवा झाला. आठवा मला आलाच न्हाई ऐकू. समद्या गावाला आला. माझ्या मानसाचा बार, आन् मलाच कसा न्हाई आला?”

अण्णा पुढे झुकले. त्यांच्या आवाजात खरंच करुणा होती, हे मी आज त्यांच्या बाजूने लिहून ठेवते. ते म्हणाले, “हिरा, तू घरात होतीस. वारा उलट असेल. सात उडाल्यावरच तो खाली गेला, हे पक्कं आहे. आठवा कोणी भरलेला नव्हता. ती जमीन जागी झाली होती. कधी कधी तिच्या पोटातून आपोआप...”

“मी कान लावून बसले हुते, गुरुजी,” ती म्हणाली. तिने आवाज चढवला नाही. “मला शेळी वरडल्याली बी कळत हुती.” आणि तिने माझ्याकडे बघितलं. “पोरी, तू वर हुतीस. तुझ्या हातचं लिव्हल्यालं हाय म्हंत्यात. त्ये तेवढं वाचून दाव. जे लिव्हलं आसंल त्ये मी मानते.”

अण्णा म्हणाले, “वाच गं.” मी कोनाड्यातून वही काढली. पान सापडायला वेळ लागला नाही. त्या पानाला बोटाचा मातकट डाग होता. तिथे माझ्या वळणदार अक्षरात ‘सात (७)’ असं लिहिलेलं होतं. अण्णा माझ्याकडे बघत होते, आई स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. मला एवढंच कळत होतं की ही बाई स्वतःच्या कानांवर संशय घेऊन बसली आहे, आणि तिचे कान खरे आहेत हे सांगणारं या सबंध गावात माझ्याशिवाय कोणी नाही. खरं सांगितलं की तिचं ओझं उतरेल, असं मला वाटलं. तेरा वर्षांच्या पोरीला खरं म्हणजे औषधच वाटतं.

त्या ‘सात’वर नजर ठेवून मी मोठ्याने वाचलं, “सहा.”

अण्णांनी हात पुढे केला. वही घ्यायला केला असेल, किंवा मला थांबवायला. तो हात अर्ध्यावर कापत राहिला आणि मग त्यांनी तो दुसऱ्या हाताने धरून मांडीवर ठेवला. ते म्हणू शकले असते, खोटं वाचते आहे. कागदावर काय आहे ते त्यांना ठाऊक होतं. ते काही बोलले नाहीत.

हिराबाईने मान हलवली. “म्हंजे सहावरच त्यास्नी खाली धाडलं.”

“हो,” मी म्हटलं.

“मंग मी सातवा म्हनून मोजला, त्योच त्यांचा.”

मी पुन्हा हो म्हटलं. आई एकदम पुढे आली, “अगं शाले, गप,” म्हणाली, पण तिला जे माझ्याआधी कळलं होतं ते मला अजून कळलं नव्हतं. हिराबाईने हातातला तांब्या खाली ठेवला. ती रडली नाही. मुलाला गोष्ट सांगावी तसं माझ्याकडे बघून हळूहळू बोलली.

“सहा झाले आन् सातवा येईना. मी दोनदा दारात जाऊन आले. म्हनलं, मुका ऱ्हायला का काय, आता ह्यो बाबा खाली न्हाई उतरला म्हंजे बरं. देवाला हात जोडले, येक बार वाजू दे म्हनलं. आन् वाजला. वाजला तसा माझा जीव भांड्यात पडला गं. म्हनलं, झाले सात, आता येतीलच. चूल पेटवली आन् त्यास्नी आवडत्यात तशा पातळ भाकरी करत बसले.”